खालच्या अंगाचा शेजारी

प्रिय पोरी,

आशीर्वाद. तुझं पत्र दोनदा वाचलं. सप्टेंबर महिन्यात सृष्टीच्या काळजीसाठी युवकांना बरोबर घेऊन काय करावं, असं तू विचारतेस. वृक्षारोपण, पोस्टर स्पर्धा, प्लास्टिक गोळा करणं अशी यादीही केली आहेस. पण खरं दुखणं तू शेवटच्या ओळीत लिहिलंस. धर्मग्रामातली, म्हणजे आपल्या पॅरिशमधली, काही वडीलधारी मंडळी म्हणाली, "चर्चमध्ये देवाचं बोला, झाडांचं बोलायला बाकीचे आहेत." यादीकडे मी नंतर येतो. आधी या बोलण्याला तुझ्याकडे पक्कं उत्तर हवं, नाहीतर दुसऱ्या वर्षी तूच थकशील.

बायबल उघड, उत्पत्तीचा दुसरा अध्याय, पंधरावी ओवी. देवाने माणसाला एदेन बागेत ठेवलं ते तिची मशागत आणि राखण करायला. आपल्याकडच्या शेतकऱ्याला हे दोन शब्द समजावून सांगावे लागत नाहीत. मशागत म्हणजे घाम, राखण म्हणजे जागरण. पहिल्या अध्यायात 'सत्ता चालवा' असं आहे, ते मी नाकारत नाही. पण सत्ता कशी चालवायची ते दुसऱ्या अध्यायात सांगितलंय. पोप फ्रान्सिस यांनी २०१५ साली 'लाउदातो सी' हे परिपत्रक काढलं, त्यात हेच ठामपणे मांडलंय: माणसाला पृथ्वी लुटायचा परवाना मिळालाय, असा बायबलचा अर्थ लावणं चूक आहे.

आता पुढची गोष्ट नीट ऐक, कारण माझं सगळं सांगणं तिच्यावर उभं आहे. 'राखण' या शब्दासाठी मूळ हिब्रूत जो धातू आहे, तोच चौथ्या अध्यायात पुन्हा येतो. काइनाने भावाला मारलं, देवाने विचारलं, "तुझा भाऊ कुठे आहे?" आणि काइन उलटून म्हणाला, "मी काय माझ्या भावाचा राखणदार आहे?" बागेची राखण आणि भावाची राखण यांना एकच शब्द. एक सोडली की दुसरी आपोआप सुटते. पृथ्वीचा आक्रोश आणि गरिबांचा आक्रोश एकत्रच ऐकायला हवा, असं पोप फ्रान्सिस लिहितात, ते मला या दोन अध्यायांमुळे समजलं. झाडांचं बोलणं आणि देवाचं बोलणं वेगळं नाही, असं त्या मंडळींना सांग. वाद घालू नकोस, ओवी वाचून दाखव.

मला हे पुस्तकातून कळलं नाही, म्हणून माझी गोष्ट सांगतो. तीसेक वर्षांपूर्वी मी एका फौंड्रीत सुपरवायझर होतो. ओतकाम झालं की साच्याची वाळू जळून काळी पडते, तिच्यात कोळशाची पूड असते. ती वाळू ट्रॉली भरभरून जवळच्या ओढ्याच्या काठी टाकली जायची. पावसाळ्यात पाणी ती घेऊन जायचं आणि पुढच्या ट्रॉल्यांना जागा व्हायची. गेटपासावर सही माझी असे. दर महिन्याला मी कन्फेशनला, म्हणजे फादरांपुढे पापं कबूल करायला, जात होतो. राग सांगितला, खोटं बोललेलं सांगितलं, मिस्सा, म्हणजे चर्चमधली उपासना, चुकवलेली सांगितली. वाळू कधी सांगितली नाही. ते पाप आहे हे डोक्यातच नव्हतं.

एका उपवासकाळात फादरांनी सहज विचारलं, "कामावर काय करतोस?" बोलता बोलता वाळूचं निघालं. त्यांनी रागावून काही म्हटलं नाही. प्रायश्चित्त म्हणून जपमाळेऐवजी एक काम दिलं: त्या ओढ्याच्या काठाने शेवटपर्यंत चालत जा.

मी गेलो. अर्ध्या तासाच्या पुढे एक वस्ती लागली. ओढ्याला लागून विहीर होती आणि एक बाई घागरीच्या तोंडावर जुन्या लुगड्याची चौपदरी घडी धरून पाणी गाळत होती. मी उभा राहिलो. तिने घडी झटकायच्या आधी मला दिसलं, पांढऱ्या कापडावर बारीक काळे कण, माझ्या सहीचे. मी विचारलं, "हे असं किती दिवस?" ती म्हणाली, "वरनं येतंय बाबा. गाळून घ्यायाचं."

तिने तक्रार केली असती तर मी काहीतरी उत्तर दिलं असतं. तिने तक्रार केली नाही. मी सही करायचं बंद केलं, तर दुसरा करू लागला. शेवटी मालकांनाच त्या विहिरीवर घेऊन गेलो. त्यानंतर वाळू भरावाच्या कामाला जायला लागली. ओढा मात्र पहिल्यासारखा झाला नाही, हे तुला सांगितलंच पाहिजे. काही नुकसान भरून येत नाही. म्हणून तर राखण आधी करायची असते.

माझा शेजारी कोण, असं प्रभू येशूला एका शास्त्र्याने विचारलं होतं. आपल्या कोल्हापुरात या प्रश्नाचं उत्तर नदीच्या वाहण्याच्या दिशेला आहे. आपला शेजारी खालच्या अंगाला राहतो. जयंती नाला शहराचं सांडपाणी घेऊन पंचगंगेकडे जातो. कसबा बावड्याला प्रक्रिया केंद्र आहे, पण नाला भरून वाहिला की मैलापाणी तसंच नदीत उतरतं. पुढे इचलकरंजी आहे, शिरोळ तालुका आहे, नरसोबाच्या वाडीला नदी कृष्णेला मिळते. २०१२ साली इचलकरंजीत काविळीची साथ आली, माणसं दगावली. दूषित पाण्याने माणूस कसा मरतो ते त्या वर्षी जवळून दिसलं. आपण सकाळी फ्लश ओढतो, मोरीत तेल ओततो, ते सगळं कोणाच्या तरी दारावरून जातं.

पुराचंही तसंच. पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर ३९ फुटांना इशारा आणि ४३ फुटांना धोका, हे आपल्याकडे शाळकरी पोरांनाही पाठ असतं. २०१९ मध्ये पाणी ५५ फुटांच्या वर गेलं आणि दोन वर्षांत पुन्हा महापूर आला. आपला सिंधुदुर्ग धर्मप्रांत कोकणच्या किनाऱ्यापासून सह्याद्री ओलांडून कोल्हापूरपर्यंत पसरलाय. डोंगरावर झाड तुटलं, नदीच्या पात्रात भराव पडला, आभाळ तापलं, की त्याचा हिशेब धर्मप्रांताच्या दोन्ही अंगांना चुकवावा लागतो. आणि पहिलं पाणी शिरतं ते नदीकाठच्या, कमी भाड्याच्या घरांत. पुरानंतर मी चिखल काढायला गेलो होतो. एका घरात भिंतीवर पाण्याची रेघ माझ्या डोक्याच्या वर होती आणि त्या रेघेखाली काहीच वाचलं नव्हतं.

हे सगळं नवीन खूळ आहे असं कोणी म्हणालं, तर त्याला तारखा सांग. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९७९ साली असिसीच्या संत फ्रान्सिसला पर्यावरणाचा आश्रयदाता संत म्हणून जाहीर केलं. १९९० च्या नववर्षदिनी त्यांनी जागतिक शांतिदिनाचा संदेश दिला, त्याचा विषयच सृष्टीशी शांतता हा होता. पोप बेनेडिक्ट यांच्या काळात, २००८ साली, व्हॅटिकनमधल्या सभागृहाच्या छपरावर सौर पॅनेल बसले. पोप फ्रान्सिस यांनी २०१६ मध्ये दयेच्या कृत्यांमध्ये सृष्टीची काळजी घेणं हेही जोडायला सांगितलं. भुकेल्याला जेवण, तहानलेल्याला पाणी, आणि त्यांच्या रांगेत हे.

'लाउदातो सी' हे नाव संत फ्रान्सिसच्या स्तोत्रातलं आहे. सुमारे आठशे वर्षांपूर्वी, डोळे जवळजवळ गेलेले असताना, आजारपणात त्याने ते रचलं. त्यात तो पाण्याला बहीण म्हणतो: उपयोगी, नम्र, मोलाची, निर्मळ. आपण नदीला माय म्हणतो. मायने सगळं पोटात घालावं अशी आपली सवय असते. बहिणीशी तसं वागता येत नाही, तिचा वाटा तिला द्यावा लागतो. मला हा शब्द फार कामाचा वाटतो. युवकांना चारही विशेषणं पाठ करायला लाव आणि मग नाल्याच्या पुलावर उभं करून म्हणायला लाव.

आता तुझी यादी. झाडं लाव, पण जेवढी तीन उन्हाळे जगवता येतील तेवढीच, आणि प्रत्येक झाडामागे एका पोराचं नाव असू दे. पोस्टर स्पर्धा सोडून दे. त्याऐवजी पॅरिशच्या जेवणावळीतली थर्माकोलची ताटं बंद करा. ताटं घासायला तू स्वतः उभी राहिलीस तरच ते टिकेल. गणेशोत्सवात पंचगंगा घाटावर निर्माल्य आणि मूर्तिदानासाठी आपल्या शहरातले लोक कितीतरी वर्षं उभे राहतात. त्यांच्याकडे जा, उपदेश करायला नको, ते सांगतील ते काम करायला. पोप फ्रान्सिस यांनी ते पत्र फक्त कॅथलिकांना लिहिलेलं नाही, पृथ्वीवर राहणाऱ्या प्रत्येक माणसाला उद्देशून लिहिलंय. तूही हा कार्यक्रम फक्त आपला करू नकोस.

शेतकरी घरांतली मुलं असतील तर बायबलमधल्या लेवीय पुस्तकाचा पंचविसावा अध्याय काढ, सातव्या वर्षी जमिनीला विसावा द्यावा अशी आज्ञा आहे. शिरोळकडच्या क्षारपड जमिनी पाहिलेल्या माणसाला ती आज्ञा जुनी वाटत नाही. उसाला पाणी आणि खत ओतत राहिलं की माती काय करते, ते तिथले लोक डोळ्यांत पाणी आणून सांगतात. अर्थात घरी हप्ते असताना शेत पडीक ठेवा असं शेतकऱ्याला सांगायचा अधिकार आपल्याला नाही. आधी ऐकून घ्या.

आणि मिस्सामध्ये भाकर अर्पण करताना फादर काय म्हणतात, तिकडे लक्ष दे. भूमीचं फळ, माणसाच्या हातांचं काम. माती आणि मजूर दोघंही त्या ताटात असतात. ती प्रार्थना सुरू झाली की मला अजूनही ती घागर आठवते.

सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी, मिस्सा संपली की दसरा चौकाजवळच्या पुलावर भेटू. जुन्या चपला घाल, वही आण. नाला नदीला मिळतो तिथवर काठाकाठाने जमेल तेवढं चालायचं, फोटोपेक्षा काय काय दिसतं ते लिहून घ्यायचं. माझे गुडघे दुखतात, पण येतो. आणि इचलकरंजीच्या दोन-चार मुलांना आधी फोन कर. वरचं आपण त्यांना दाखवू, त्यानंतरच्या रविवारी ते आपल्याला खालचं दाखवतील.

तुझा,
काका