शिष्यवृत्तीच्या कागदावर सही करण्याआधी

प्रिय खेळाडूस,

अमेरिकेतल्या कॉलेजच्या टेनिस संघात जागा मिळाली, छान झालं. आता पैशांचं बोलू.

तिथल्या कॉलेज खेळातलं हौशीपणाचं सोवळं जुलै 2021 मध्ये सुटलं. नाव आणि छबी वापरू देऊन खेळाडू पैसे घेऊ लागले. 1 जुलै 2025 पासून विद्यापीठंही थेट पैसे देऊ शकतात. पहिल्या वर्षाची मर्यादा होती दर विद्यापीठामागे सुमारे 2 कोटी 5 लाख डॉलर. त्यातला मोठा वाटा अमेरिकन फुटबॉल आणि बास्केटबॉलला जातो, टेनिसला चिल्लर. कोच या कमाईचं गाजर दाखवेल. त्यावर कॉलेज निवडू नकोस.

तुझी खरी अडचण एफ-1 व्हिसाची, म्हणजे विद्यार्थी व्हिसाची आहे. सत्र चालू असताना आठवड्याला 20 तास, तेही कॅम्पसवरचं काम, एवढीच सरसकट मुभा. संघातले अमेरिकन सोबती रॅकेट कंपनीसाठी रील करून पैसे घेतील. तेच तू केलंस तर एनसीएए (कॉलेज खेळांची नियामक संघटना) काही म्हणणार नाही, पण विनापरवाना नोकरीचा ठपका येऊन व्हिसा जाऊ शकतो. ‘पैसे नको, फुकट बूट घे’ ही पळवाटही कामाची नाही. कामाबदल्यात वस्तू मिळाली तरी तो मोबदलाच.

जाहिरात करायचीच असेल तर सुट्टीत भारतात कर, आणि शूटिंगपासून पोस्टपर्यंत सगळं इथेच उरक. केंटकी विद्यापीठाचा काँगोलीज बास्केटबॉलपटू ऑस्कर शीब्वे यानेही 2022 मध्ये संघ बहामात गेला असताना तिथेच हे काम केलं होतं. तुझा संघ डिव्हिजन वनमधला (कॉलेज खेळांच्या सर्वांत वरच्या गटातला) असेल तर 600 डॉलर किंवा त्यावरचा जाहिरातीचा करार पाच कामकाजी दिवसांत कळवावा लागतो. सहीआधी विद्यापीठाच्या आंतरराष्ट्रीय विद्यार्थी कार्यालयाचं उत्तर ईमेलवर घे. कोचचं ‘काही होत नाही’ इथे चालत नाही.

‘फुल राइड’मध्ये, म्हणजे पूर्ण शिष्यवृत्तीत, नक्की काय येतं, हे लेखी माग: फी, पुस्तकं, खोली, जेवण, आरोग्य विमा, सुट्टीतला मुक्काम. दुखापत झाली तर शिष्यवृत्ती टिकते का, तेही विचार.

फी आणि पुस्तकांच्या रकमेवर कर नाही. खोली-जेवणाच्या रकमेवर आहे, आणि विद्यापीठ साधारणपणे 14 टक्के कापून घेतं. मात्र भारत-अमेरिका कर-करारामुळे भारतीय विद्यार्थ्याला स्टँडर्ड डिडक्शन मिळतं. 2024 साठी ते 14,600 डॉलर होतं. 1040-एनआर हा अनिवासींचा कर-विवरण फॉर्म भरलास तर कापलेले पैसे बहुधा परत मिळतात. एप्रिलच्या 15 तारखेआधी भर. सॉफ्टवेअर अनिवासींसाठीचंच वापर, नेहमीचं नको.