सापाच्या विषाचं औषध येईपर्यंत डोळ्यातली इंजेक्शनं थांबवावीत का?

तुमचा प्रश्न असा: वडिलांना मधुमेहामुळे डोळ्याच्या पडद्यावर नव्या रक्तवाहिन्या आल्यात, महिन्याला इंजेक्शन चालू आहे. सापाच्या विषातल्या प्रथिनांवर औषध येतंय असं वाचलं, तर तोवर थांबावं का?

अजिबात थांबू नका. सोलापुरात माझं औषधांचं दुकान आहे. मे महिन्याच्या उन्हात थर्माकोलच्या डब्यात बर्फ घालून ही इंजेक्शनं नेणारी माणसं रोज बघतो. खर्च, धावपळ, सुईची भीती, सगळं ठाऊक आहे. तरी आज हाताशी असलेलं औषध तेच.

पण तुम्ही वाचलंत ती थाप नव्हे. आपल्याकडच्या फुरशाच्या विषात इकिस्टॅटिन नावाचं प्रथिन असतं, जेमतेम 49 अमिनो आम्लांचं. द्राक्षाचा वेल तणाव्यांनी मांडवाच्या तारेला धरून सरकतो ना, तशा नव्या रक्तवाहिनीच्या पेशी इंटिग्रिन नावाच्या आकड्यांनी आजूबाजूला धरून पुढे जातात. हे प्रथिन नेमकं त्या आकड्यात जाऊन बसतं. पकड सुटली की वाढ खुंटते. अशा जातीच्या प्रथिनांचे उंदरांच्या डोळ्यांवर प्रयोग झालेत, परिणामही दिसलाय.

घोडं अडतं ते वेगळ्याच ठिकाणी. रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट्सनाही तसेच आकडे असतात. तेही अडकले तर रक्तस्राव, आणि वडिलांच्या पडद्यावरच्या वाहिन्या आधीच ठिसूळ! म्हणून प्रथिनात फेरफार करून फक्त रक्तवाहिनीचाच आकडा धरायला लावायची खटपट चालते. गंमत म्हणजे हृदयविकाराच्या डॉक्टरांना, रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून, हाच प्लेटलेटवाला आकडा अडवायचा होता. इकिस्टॅटिनच्या अभ्यासातून टायरोफिबॅन हे औषध निघालं, 1998 साली अमेरिकेत मंजूर झालं. आज हृदयरुग्णांना ते शिरेतून देतात. ते काही विष नाही, प्रयोगशाळेत बनवलेला साधा रेणू आहे.

बाकी, गड्ड्याच्या यात्रेत कुणाकडून तरी घेतलेली 'नागाच्या तेला'ची बाटली घेऊन एक मामा दुकानात आले होते. डोळा लालभडक, पाणी थांबेना. बाटली काउंटरवर ठेवून घेतली आणि रिक्षा करून दिली डोळ्यांच्या डॉक्टरांकडे. वडिलांची पुढची तारीख मात्र चुकवू नका, आणि रक्त पातळ करायची गोळी चालू असेल तर डॉक्टरांना आधी सांगा.