महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम ८३ च्या चौकशीत कागदपत्रं न दाखवताच माजी संचालकावर ठपका ठेवता येतो का?

ठेवतात, सर्रास ठेवतात. पण तुम्ही तो मुकाट्याने घेऊ नका. पतसंस्थेचं दप्तर प्रशासकाच्या ताब्यात आहे आणि चौकशी अधिकारी 'आठवतं ते लिहून द्या' म्हणतात, असं तुम्ही लिहिलंय. हेच माझ्या वडिलांना ऐकवलं गेलं होतं, म्हणून लिहायला बसलो.

वडील एका पतसंस्थेत संचालक होते. एका व्यापाऱ्याला अपुऱ्या तारणावर मोठं कर्ज द्यायचा विषय मासिक सभेत आला. वडिलांनी विरोध केला, आणि प्रोसिडिंग बुकात, म्हणजे सभेच्या इतिवृत्ताच्या वहीत, सही करताना तिच्या वरच स्वतःच्या अक्षरात लिहिलं, 'तारण अपुरे, मूल्यांकन नाही, माझा विरोध आहे.' पुढे कर्ज थकलं, चौकशी लागली. चौकशी अधिकाऱ्यांनी मूळ बुक उघडलंच नाही. सचिवाने ठरावाची टाईप केलेली नक्कल दिली, तिच्यात सूचक, अनुमोदक आणि शेवटी 'सर्वानुमते मंजूर'. हाताने लिहिलेली ओळ गायब! ८३ चा अहवाल त्या नकलेवर झाला, कलम ८८ खाली, म्हणजे नुकसानीची रक्कम कुणावर बसवायची हे ठरवायला, नेमलेल्या अधिकाऱ्यांनी त्यातला तक्ता जसाच्या तसा उचलला आणि विरोध करणारा व कर्ज वाटणारा अशा दोघांवर सारखीच रक्कम बसवली. वडील प्रत्येक तारखेला मूळ बुक मागत होते, लेखी अर्ज देऊन, पोच घेऊन. उत्तर एकाही अर्जाला नाही.

माझे मामा सहकार खात्यातून निवृत्त झालेले. ते म्हणायचे, "चौकशी म्हणजे कोर्ट नव्हे. कागद दाखवा, साक्षीदार समोर आणा, हे लाड तिथे चालत नाहीत." मला हे तेव्हाही पटलं नाही, आजही पटत नाही. प्रशासकीय चौकशीलाही नैसर्गिक न्यायाची तत्त्वं, म्हणजे ठपका ठेवण्याआधी त्याचा आधार दाखवा आणि बाजू ऐकून घ्या, लागू होतात हे सर्वोच्च न्यायालयाने क्रायपाक खटल्यात १९६९ सालीच सांगितलंय. आणि ८८ ची कारवाई कशी चालवायची यासाठी याच कायद्याच्या १९६१ च्या नियमांत ७२ वा नियम मुद्दाम घातलेला आहे. ज्याच्या घरावर बोजा चढणार, त्याला आपल्याविरुद्धचा कागद बघू देणं यात लाड कसले? ८८ च्या आदेशाची वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी होऊ शकते, हे मामांना माझ्यापेक्षा जास्त माहीत होतं.

अपिलात मूळ बुक मागवलं गेलं. ती ओळ तिथे होतीच. वडिलांपुरता आदेश रद्द होऊन प्रकरण फेरसुनावणीला गेलं, आणि अपिलात उपयोगी पडले ते पोच घेतलेले अर्जच.

तेव्हा तोंडी मागू नका. कोणत्या तारखेचा ठराव, कोणतं कर्ज खातं, सगळं लिहून अर्ज द्या आणि शिक्का मारून घ्या. तुम्ही अजून सभासद असाल तर कलम ३२ खाली व्यवस्थापक समितीच्या सभांचं इतिवृत्त बघायचा हक्क तुम्हाला आहेच, त्यासाठी चौकशी अधिकाऱ्याची मेहरबानी लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या थलप्पलम निकालानंतर सोसायटीला सहसा थेट माहिती अधिकार लावता येत नाही, पण सहकार खात्याच्या निबंधक कार्यालयाला येतो. तिथून ८३ चा अहवाल जोडपत्रांसह मागा. जोडपत्रं आवर्जून, नकला त्यातच असतात.

मी वकील नाही. ८३ हा तथ्य शोधायचा टप्पा आहे, तिथे पूर्ण उलटतपासणी मिळेलच असं धरून चालू नका. आर्थिक जबाबदारी ८८ मध्ये ठरते, खरी लढाई तिथे. नुसत्या ८३ च्या अहवालाविरुद्ध हायकोर्टात धावलात तर 'अजून वेळ आली नाही' असंच बहुधा ऐकाल. आणि चुकीच्या कर्जावर तुम्ही खरोखर डोळे झाकून सही केली असेल, तर यातलं काही तुम्हाला वाचवणार नाही, वाचवूही नये. ठेवीदारांचे पैसे अडकलेत, त्यामुळे तारखा वाढवायचा खेळही करू नका.

८८ चा आदेश विरोधात गेलाच, तर कलम १५२ खाली अपिलाला दोन महिने असतात. अपिलात पहिली मागणी एकच ठेवा: नक्कल नको, मूळ प्रोसिडिंग बुक मागवा.