रोसित्स्कीबद्दल विचारलंत, मग आता सविस्तरच ऐका

मागच्या अंकात झेक फुटबॉलवर लिहिताना टोमाश रोसित्स्की या झेक मिडफिल्डरचं नाव अगदी ओझरतं आलं होतं, तर या महिन्यात बहुतेक प्रश्न त्याच्यावरच आलेत. मला तर आनंदच झाला. एकेक घेतो.

प्रश्न : सर, या माणसाला एवढं डोक्यावर का घेतात? लंडनच्या आर्सेनल क्लबमध्ये १० वर्षं, मॅचेस २४६, गोल फक्त २८. अर्धा वेळ तर तो जखमीच असायचा. आजकाल असा रेकॉर्ड असलेला अटॅकिंग मिडफिल्डर कोण ठेवेल टीममध्ये?

उत्तर : आकडे तुमचे बरोबर आहेत, पण त्या आकड्यांत रोसित्स्की सापडत नाही. गोल मारणं हे त्याचं मुख्य काम नव्हतंच, त्याचं काम होतं खेळाचा वेग बदलणं. म्हणजे बॉल त्याच्याकडे यायच्या आधी मॅच एका स्पीडने चाललेली असायची आणि त्याच्या पायाला लागून पुढे गेला की दुसऱ्याच स्पीडने, आणि समोरचे डिफेंडर तोपर्यंत आपली जागा शोधत असायचे. बॉल यायच्या आधीच मान वळवून मागे कोण आहे ते बघून ठेवायचा, त्यामुळे पहिलाच टच पुढच्या दिशेने. आणि तो उजव्या पायाच्या बाहेरच्या बाजूने मारलेला पास! लोकांना ती स्टाइल वाटते, पण त्यात हिशोब आहे. तसा पास द्यायला अंग वळवावं लागत नाही, पाय बदलावा लागत नाही, जो अर्धा सेकंद जातो तो वाचतो आणि मुख्य म्हणजे पास कुठे जाणार हे डिफेंडरला त्याच्या अंगावरून कळत नाही.

फेब्रुवारी २०१४ मधला संडरलँडविरुद्धचा गोल बघा (आर्सेनल ४-१ जिंकलं ती मॅच). विल्शर, काझोर्ला, जिरू आणि हा, बॉल नुसता एका टचमध्ये इकडून तिकडे, आणि शेवटी रोसित्स्की आत घुसून गोलकीपरच्या वरून अलगद उचलून टाकतो. तेव्हा तो ३३ वर्षांचा होता, आणि त्या सगळ्या गडबडीत सगळ्यात जोरात पळणारा तोच. असा प्लेयर मी आजही डोळे झाकून घेईन टीममध्ये.

प्रश्न : डॉर्टमुंडने त्याला एवढे पैसे देऊन का घेतलं आणि मग विकलं का?

उत्तर : तो प्राग शहरातला, वडीलही स्पार्टा प्रागकडून खेळलेले, घरातच फुटबॉल. स्पार्टाच्या सीनियर टीममध्ये आला आणि लगेच लीग टायटल्स, चॅम्पियन्स लीगमधल्या मॅचेस, सगळं विशीच्या आत. जानेवारी २००१ मध्ये बोरुसिया डॉर्टमुंडने साधारण अडीच कोटी जर्मन मार्क मोजले, बुंडेसलिगात, म्हणजे जर्मनीच्या लीगमध्ये, तोपर्यंत कुणासाठीच एवढी किंमत दिली गेली नव्हती. वय २०, अंगकाठी इतकी बारीक की तिथल्या लोकांनी त्याचं नाव श्नित्सेल ठेवलं, म्हणजे पोरा जरा खा काहीतरी! पण २००१-०२ ला कोच मथियास झामरच्या हाताखाली त्याच पोराने कोलर, अमोरोसो, एव्हर्टन या फॉरवर्ड्सच्या मागे उभं राहून टीम चालवली आणि डॉर्टमुंड चॅम्पियन झालं. त्याच वर्षी यूएफा कपची (युरोपातल्या क्लबांची स्पर्धा) फायनलही होती, ती फेयेनूर्डने त्यांच्याच मैदानावर, रॉटरडॅमला, ३-२ ने घेतली.

विकलं ते पैशासाठी. क्लब शेअर बाजारात उतरला होता, खर्च हाताबाहेर गेला, २००५ मध्ये दिवाळं निघायची वेळ आली होती. २००६ ला तो आर्सेनलला गेला, जेमतेम ७० लाख पौंडांच्या आसपास. तिथला पिरेस निघाला, त्याची ७ नंबरची जर्सी याला मिळाली.

प्रश्न : मी फक्त २००६ चा वर्ल्ड कप बघितलाय, त्यात अमेरिकेविरुद्ध त्याने एक खतरनाक गोल मारला होता. मग ती टीम पुढे गेली का नाही? नेदव्येद, पोबोर्स्की, गोलकीपर पेत्र चेक, कोलर, एवढे सगळे असून एकही कप नाही हे पटत नाही.

उत्तर : मलाही कधी पटलं नाही. तो गोल गेल्सेनकिर्शेनचा, १२ जून २००६. अमेरिकन डिफेंडरने बॉल कसाबसा बाहेर काढला, तो टप्पा खात याच्याकडे आला, गोलपासून बऱ्यापैकी लांब, २५ मीटर तरी असेल, आणि याने थांबवलाच नाही, तसाच हाणला. बॉल हवेत वळत वळत आत गेला. नंतर एक क्रॉसबारवर आदळला आणि मग नेदव्येदच्या पासवर पळत जाऊन आणखी एक गोल. ३-० झालं. पण त्याच मॅचमध्ये कोलर मांडीचा स्नायू धरून बाहेर गेला, आणि त्या टीमचं अर्धं गणित कोलरच्या डोक्यावर चालायचं. पुढे घाना ०-२, इटली ०-२, खेळ खलास.

खरं दुःख मात्र २००४ च्या युरोचं, म्हणजे युरोपातल्या देशांच्या स्पर्धेचं. ग्रुपमध्ये नेदरलँड्सविरुद्ध २० मिनिटांत ०-२ ने मागे आणि तिथून ३-२ ने जिंकले, जर्मनीला राखीव प्लेयर घेऊन हरवलं, डेन्मार्कला ३-० ने उडवलं. सेमीफायनल ग्रीसशी, पोर्टोत. तिसऱ्याच मिनिटाला रोसित्स्कीचा शॉट बारवर लागला. चार बोटं खाली असता ना, तर ग्रीसला बाहेर येऊन खेळावं लागलं असतं, आणि बाहेर आलेल्या टीमला त्या झेक टीमने फाडून खाल्लं असतं असं माझं अगदी ठाम मत आहे. पुढे पहिल्या हाफमध्येच नेदव्येद गुडघा धरून बाहेर, आणि एक्स्ट्रा टाइमचा पहिला भाग संपता संपता कॉर्नरवर ग्रीसच्या डेलासचं हेडर. तेव्हा सिल्व्हर गोलचा नियम होता, पहिला भाग संपताना जो पुढे तो जिंकला. परत फेडायला वेळच नाही!

प्रश्न : २००८ मध्ये नक्की काय झालं होतं त्याला? तेव्हा अचानक गायबच झाला.

उत्तर : २६ जानेवारी २००८, इंग्लंडच्या एफए कपमध्ये न्यूकासलविरुद्ध तो लवकर बाहेर आला. सुरुवातीला काही आठवड्यांची गोष्ट वाटत होती. मांडीमागच्या स्नायूची जी दोरी गुडघ्याकडे जाते तिथला त्रास, ऑपरेशन झालं, आणि आठवड्यांचे महिने होत होत दीड वर्ष गेलं. हे वय २७ ते २८ चं, म्हणजे मिडफिल्डरची सगळ्यात चांगली वर्षं. त्या सीझनला फ्लामिनी, फाब्रेगास, ह्लेब आणि रोसित्स्की अशी मधली फळी जमली होती, आर्सेनल टेबलच्या टॉपवर होतं, मग फेब्रुवारीत फॉरवर्ड एदुआर्दोचा पाय मोडला आणि शेवटी ८३ पॉइंट्सवर तिसरा नंबर, चॅम्पियन मँचेस्टर युनायटेडपेक्षा फक्त ४ कमी. ४ पॉइंट्स! रोसित्स्की असता तर तेवढे भरून निघाले असते असं मला वाटतं. २००८ चा युरोही त्याचा हुकला, आणि तिथे झेक टीम तुर्कस्तानविरुद्ध २-० ने पुढे असून ३-२ ने हरून बाहेर पडली. अशा वेळी बॉल पायात धरून ठेवणारा कुणी मैदानात नव्हता.

परतला सप्टेंबर २००९ मध्ये, मँचेस्टर सिटीच्या मैदानावर. टीम ४-२ ने हरली पण त्यातला एक गोल याचा होता.

प्रश्न : आर्सेनलचे फॅन त्याला इतकं का मानतात, ट्रॉफी तर फार नाहीत?

उत्तर : एक कारण टॉटनहॅम, आर्सेनलचा शेजारचा कट्टर प्रतिस्पर्धी क्लब. फेब्रुवारी २०१२, घरच्या मैदानावर ०-२ ने मागे, मग ५-२ ने जिंकले, तिसरा म्हणजे पुढे नेणारा गोल रोसित्स्कीचा. मार्च २०१४, टॉटनहॅमच्या मैदानावर, मॅच सुरू होऊन जेमतेम सव्वा मिनिट, उजवीकडून कोनातून असा काही हाणला की त्यांचा गोलकीपर योरिस बघत राहिला, आणि मॅच त्या एकाच गोलवर सुटली. दुसरं कारण म्हणजे तो प्रत्येक वेळी परत यायचा आणि आल्यावर जपून खेळायचा नाही, टॅकल करायला जमिनीवर घसरत जायचा. जानेवारी २०१६ ला बर्नलीविरुद्ध सब म्हणून उतरला आणि पुन्हा जखमी, त्या सीझनमधली ती एकच मॅच, आणि आर्सेनलसाठीची शेवटची. तरी मे महिन्यात प्लेयर्सनी दोन्ही बाजूंना उभं राहून त्याला निरोप दिला.

प्रश्न : आता काय करतो?

उत्तर : २०१६ ला परत स्पार्टाकडे गेला, तिथेही दुखापत, डिसेंबर २०१७ ला थांबला. वर्षभराने त्याच क्लबचा स्पोर्टिंग डायरेक्टर, म्हणजे प्लेयर घेणं-विकणं बघणारा, झाला आणि २०२३ मध्ये त्यांना नऊ वर्षांनी लीग टायटल मिळालं, २०२४ ला परत. प्लेयर निवडण्यातही त्याची नजर तीच आहे असं म्हणायला हरकत नाही.

प्रश्न : मी त्याला कधीच बघितलं नाही, माझं वय १६. एकच मॅच सांगा.

उत्तर : एकच म्हणत असशील तर जानेवारी २००७, एफए कप, लिव्हरपूलच्या मैदानावर आर्सेनल ३-१, त्यात दोन गोल याचे. पहिला बघताना बॉक्सच्या कडेवरून त्याने बॉल वळवताना पाय कसा ठेवलाय ते स्लो करून बघ. आणि वेळ उरला तर २०१६ च्या युरोमधली क्रोएशियाविरुद्धची २-२ मॅच लाव, ७५ व्या मिनिटाच्या पुढे. पस्तिशीचा रोसित्स्की, देशासाठी १०५ वी आणि शेवटची मॅच, डावीकडून पायाच्या त्याच बाहेरच्या बाजूने क्रॉस टाकतो आणि श्कोडा डोक्याने गोल करतो.