जपानच्या ग्रामीण भागात ३-४ दिवसांचा डोंगरट्रेक आणि गरम पाण्याचे झरे, दोन्ही एकत्र कुठे मिळेल?

कुमानो कोदो या जुन्या तीर्थयात्रेच्या वाटांपैकी ‘नाकाहेची’ नावाची वाट धरा. वाकायामा प्रांतातल्या की-तानाबे स्टेशनवरून बसने ताकिजिरीला उतरायचं आणि तिथून साधारण ३८ किलोमीटर चालत होंगूचं देवस्थान गाठायचं. सुरुवातीलाच खडी चढण आहे, त्यामुळे पहिला मुक्काम ताकाहारा किंवा चिकात्सुयु गावात ठेवा. उगाच पळापळ नको.

खरं सुख होंगूजवळच्या युनोमिने या गरम झऱ्यांच्या गावात. ओढ्याकाठी लाकडी खोपटात त्सुबोयु नावाचं इवलंसं स्नानकुंड आहे, २००४ पासून जागतिक वारसा यादीत असलेलं. जेमतेम दोघं मावतात. नंबर लावला की ३० मिनिटं कुंड फक्त तुमचं. आधी अंग स्वच्छ धुवायचं, आत कपडे चालत नाहीत. जवळच उकळत्या झऱ्यात लोक अंडी उकडतात, तुम्हीही जरूर उकडा. या गावात एक नाही, दोन रात्री राहा.

शाकाहारी असाल तर बुकिंग करतानाच कळवा. मिसो सूपमध्येही बहुतेक वेळा माशाचा अर्क असतो आणि गावात ऐनवेळी दुसरी सोय होत नाही.