आई-वडिलांनी वाचलेली मल्याळम पुस्तके शोधताना

लहानपणी आई-वडिलांनी मोठ्याने वाचून दाखवलेली मल्याळम पुस्तके आता आपल्या मुलांसाठी शोधायची असतील, तर आरंभ दुर्मीळ प्रतींपासून करू नका. केरळात प्रभात बुक हाउस या प्रकाशनसंस्थेने घरोघरी पोहोचवलेली, मल्याळममध्ये अनुवादित झालेली सोव्हिएत चित्रपुस्तके अनेकांना सर्वाधिक प्रिय असतात, आणि ते योग्यच आहे. परंतु ती मिळवायला चिकाटी लागते. तोवर तिरुवनंतपुरम येथे १९८१ साली स्थापन झालेल्या केरळ राज्य बालसाहित्य संस्थेची पुस्तके घ्यावीत आणि कवी कुंजुण्णी (१९२७–२००६) यांच्या दोन-चार ओळींच्या कवितांपासून वाचन सुरू करावे, कारण त्यांतील नाद मल्याळम फारसे न येणाऱ्या मुलालाही धरून ठेवतो.

जुनी प्रत हाती आलीच, तर आधी तिची लिपी पाहा. १९७१ च्या लिपिसुधारणेपूर्वीच्या छपाईत जोडाक्षरे पुष्कळ आणि गुंतागुंतीची असल्यामुळे, नंतरच्या पाठ्यपुस्तकांवर शिकलेला वाचक मोठ्याने वाचताना अडखळतो. म्हणून गोष्ट सांगायला बसण्यापूर्वी ती स्वतःशी एकदा वाचून ठेवावी. घरात आजी-आजोबा असतील, तर प्रथम त्यांनाच वाचू द्यावे आणि त्रिशूरची किंवा कोळिकोडची त्यांची बोली, मध्येच घातलेल्या पदरच्या वाक्यांसह, ध्वनिमुद्रित करून ठेवावी.