एवढ्यातेवढ्यावरून डोकं फिरतं

‘ताई, घर आहे, नोकरी आहे, सगळे धडधाकट आहेत. तरी लिफ्ट बंद पडली, इंटरनेट अडकलं, मागवलेली वस्तू एक दिवस उशिरा आली की माझं डोकं फिरतं. परवा इंटरनेटपायी मुलीवर ओरडले. घरात चारदा हाक मारली तरी कुणी ओ देत नाही, तो राग वेगळाच. रात्री बातम्यांत युद्धात घरं गमावलेली माणसं दिसली आणि स्वतःची लाज वाटली. मी कृतघ्न आहे का?’

नाही हो. कृतघ्न माणसाला हा प्रश्न पडतच नाही. ती लाज आधी बाजूला ठेवा. दुसऱ्याचं पडलेलं घर आठवून चिडचिड जात नाही, उलट वर अपराधीपणाचं ओझं चढतं. आणि त्या माणसांच्या पदरात तुमच्या लाजेतून काहीच पडत नाही.

डेव्हिड लेव्हारी, डॅनियल गिल्बर्ट या मानसशास्त्रज्ञांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१८ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. पडद्यावर निळे-जांभळे ठिपके एकेक करून दाखवायचे, निळा कोणता ते लोकांनी सांगायचं. पुढे निळे कमी कमी करत नेले, तर आधी ज्यांना जांभळे म्हटलं त्यांनाच लोक निळे म्हणू लागले. आधी बजावून पाहिलं, पैसे देऊ केले, तरी तेच! तुमचंही असंच झालंय, असं मला वाटतं. मोठ्या अडचणी सरल्या, पण अडचण हेरायची सवय राहिली. आता ती लिफ्टवर जाऊन बसते.

मग करायचं काय? गिल्बर्ट यांचा सहभाग असलेल्या २००८ च्या एका अभ्यासात काहींनी आयुष्यातली चांगली गोष्ट कशी घडली ते लिहिलं, काहींनी ती कशी घडलीच नसती ते. या दुसऱ्या गटाला जास्त बरं वाटलं. तुम्हीही आठवड्यातून एकदा लिहून बघा. ही नोकरी मिळालीच नसती तर? ही मुलगी झालीच नसती तर? सोपं नाही, पोटात कालवाकालव होते. तरी लिहा.

मात्र हाकेला ओ न मिळणं मी तुमच्या यादीतून काढून घेते. तो ठिपका खरोखर निळा आहे. ‘लोकांची दुःखं केवढी, माझं काय एवढं’ म्हणत तो गिळू नका. रागाच्या भरात नको, सगळे निवांत असताना सांगा की, ‘तुम्ही उत्तर देत नाही तेव्हा मला एकटं वाटतं.’

पण त्याआधी मुलीजवळ जाऊन बसा. ‘चूक इंटरनेटची होती, ओरडले तुझ्यावर,’ एवढं म्हणा आणि मग ती काय बोलते ते मध्ये न तोडता ऐका.